रिफ्लक्स : उकळत ठेवायचं, पण आटू द्यायचं नाही

‘मिश्रण इथेनॉलमध्ये ३ तास रिफ्लक्स करा.’ सेंद्रिय रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेत ही ओळ इतकी रोजची आहे की ती वाचून कोणी थांबत नाही. चंबू उचलला, वर कंडेन्सर (वाफ थंड करणारी काचेची नळी) चढवला, मॅन्टल (चंबू तापवणारी विजेची शेगडी) सुरू केला, झालं. पण त्या एका शब्दात किती तापमान, किती वेळ, द्रावक किती राहू द्यायचं आणि उपकरण कसं मांडायचं हे सगळं एकदम सांगितलेलं असतं. त्यातलं सगळ्यांत महत्त्वाचं म्हणजे तापमान, आणि नेमका तोच आकडा ओळीत नसतो. तो वाचणाऱ्याने द्रावकाच्या नावावरून ओळखायचा असतो. इथेनॉल म्हटलं की ७८ अंश सेल्सिअस.

क्रिया साधी आहे. चंबूतलं द्रावक उकळतं, वाफ वर चढते, कंडेन्सरच्या थंड काचेला लागून तिचा द्रव होतो आणि तो पुन्हा चंबूत पडतो. आपल्याकडे भाजीवर ताट झाकून ताटात पाणी ओततात, तेव्हा हेच घडतं: वाफ ताटाच्या बुडाला लागून थेंब होते, भाजीवर परत पडते आणि वरून पाणी न घालता भाजी शिजते. प्रयोगशाळेत ताटाच्या जागी काचेची नळी असते, आणि ताटातलं पाणी तापून जातं तसं ते तापू नये म्हणून ते वाहतं ठेवलेलं असतं.

इथे बरेच जण एका गोष्टीपाशी चुकतात. आंच वाढवली की उकळी जोरात येते, म्हणून अभिक्रियाही जोरात होत असेल असं वाटतं. तसं होत नाही. द्रव उकळू लागला की जास्तीची उष्णता वाफ करण्यात खर्च होते, तापमान वाढवण्यात नाही. मंद उकळणारं इथेनॉल ७८ अंशांवर असतं आणि खदखदणारं इथेनॉलही ७८ अंशांवरच असतं. फरक एवढाच की दुसऱ्यात वाफ कंडेन्सरच्या तोंडापर्यंत पोचते आणि द्रावक खोलीत उडून जातं. रिफ्लक्समध्ये थर्मोस्टॅटचं काम द्रावक करतं. तापमान बदलायचं तर आंच नाही, द्रावक बदलायचं.

म्हणून द्रावक निवडणं म्हणजे तापमान निवडणं. डायइथाइल ईथर ३४.६ अंशांना उकळतं, डायक्लोरोमीथेन ४० च्या आसपास, ॲसिटोन ५६, मिथेनॉल ६४.७, टेट्राहायड्रोफ्युरान ६६, इथाइल ॲसिटेट ७७, ॲसिटोनायट्राइल ८२, पाणी १००, टोल्युइन ११०.६ आणि डायमिथाइलफॉर्मामाइड १५३. दर १० अंशांना अभिक्रियेचा वेग साधारण दुप्पट होतो, हा ढोबळ नियम धरला तर ईथरकडून टोल्युइनकडे गेल्यावर वेग जवळपास २०० पट होतो. (ढोबळ नियमच तो, प्रत्येक अभिक्रियेला लागू पडेल असं नाही. पण द्रावकाचा फरक केवढा मोठा असतो ते यातून दिसतं.) कृतीत टोल्युइन लिहिलेलं असताना ते संपलं म्हणून इथाइल ॲसिटेट घेतलं, तर द्रावकाबरोबर तापमानही ३३ अंशांनी खाली आलेलं असतं. मग ‘३ तास’ या आकड्याला काही अर्थ उरत नाही.

या थर्मोस्टॅटवर हवेच्या दाबाचाही हात असतो. उत्कलनबिंदूचे छापील आकडे समुद्रसपाटीच्या दाबाचे असतात. पुण्यात पाणी ९८ अंशांच्या आसपास उकळतं, महाबळेश्वरला साधारण साडेपंच्याण्णवला. मुंबईत १ तासात होणारं पाण्यातलं जलअपघटन महाबळेश्वरला थोडा जास्त वेळ घेईल. पुण्यात हा फरक सहज दुर्लक्षून चालतो, पण उंच ठिकाणी कृती जुळत नसेल तर आधी हे आठवावं.

शोधनिबंध आणि प्रबंध वाचताना एक वाक्य मला नेहमी खटकतं: ‘टोल्युइनमध्ये ८० अंशांना रिफ्लक्स केलं.’ शुद्ध टोल्युइन साध्या दाबाला ८० अंशांवर उकळतच नाही, त्यामुळे हे वाक्य स्वतःलाच खोडतं. दोनपैकी एक काहीतरी झालेलं असतं. एक तर मिश्रण ८० अंशांना नुसतं तापवलं होतं आणि कंडेन्सर सावधगिरी म्हणून वर होता, किंवा ते खरंच उकळत होतं आणि ८० हा तेलाच्या बाथचा (चंबू ज्यात ठेवून तापवतात त्या गरम तेलाच्या भांड्याचा) चुकीचा वाचलेला आकडा होता. कृती पुन्हा करणाऱ्याला यातलं कुठलं खरं मानायचं ते कळत नाही. नुसतं तापवलं असेल तर ‘८० अंशांना तापवलं’ असं सरळ लिहावं. अभिक्रियेच्या समीकरणातल्या बाणावर डेल्टाचा त्रिकोण काढला तर त्याचा अर्थही ‘उष्णता दिली’ एवढाच होतो. उकळी आणि परत पडणारे थेंब असतील तरच रिफ्लक्स म्हणावं. मिश्रणात दोन द्रावकं असतील, किंवा अभिक्रियेतून मिथेनॉलसारखं हलकं काही तयार होत असेल, तर उकळीचं तापमान वेळेबरोबर सरकत जातं. अशा वेळी दोन तोंडांचा चंबू घेऊन आत थर्मामीटर ठेवणं आणि आतला आकडा लिहिणं हेच योग्य. बंद कुपीत मायक्रोवेव्हने इथेनॉल १२० अंशांना नेतात, तेव्हा त्यालाही रिफ्लक्स म्हणत नाहीत. तिथे दाब वाढलेला असतो आणि काहीच परत पडत नसतं.

आता मांडणी. गोल बुडाचा चंबू निम्मा भरावा, फार तर दोन तृतीयांश. १०० मिलिलिटर मिश्रणाला २५० चा चंबू छान. फार भरला तर उकळी मानेत चढते. उकळी नीट यावी म्हणून सच्छिद्र पोर्सेलिनचे दोन-तीन तुकडे टाकतात. गुळगुळीत काचेत द्रव उत्कलनबिंदूच्या वर तापूनही शांत राहू शकतो आणि मग एकदम उसळतो. तुकड्यांच्या छिद्रांतली हवा बुडबुड्यांना सुरुवात करून देते आणि हा धोका टळतो. हे तुकडे थंड द्रवातच टाकायचे. तापलेल्या द्रवात टाकले तर दबून राहिलेली सगळी वाफ एका क्षणात सुटते आणि चंबूतला माल कंडेन्सरच्या टोकातून छतापर्यंत जातो. मधे उष्णता बंद झाली आणि मिश्रण निवलं, तर पुन्हा तापवण्याआधी नवे तुकडे लागतात, कारण जुन्यांच्या छिद्रांत द्रव शिरलेला असतो. चुंबकी ढवळणी चालू असेल तर तुकड्यांची गरज नाही. उलट ढवळणीच्या कांडीखाली ते दळले जातात आणि गाळताना त्रास देतात.

सरळ नळीच्या साध्या कंडेन्सरला जर्मन रसायनशास्त्रज्ञ लीबिग यांचं नाव मिळालं, पण असं वाहत्या पाण्याचं कंडेन्सर क्रिश्चन एरेनफ्रीड वायगल यांनी १७७१ मध्येच वर्णन केलं होतं. लीबिग यांनी ते रोजच्या वापरात रुळवलं. रिफ्लक्ससाठी मात्र फुगीर गोळ्यांच्या नळीचं आलिन कंडेन्सर जास्त सोयीचं, कारण वाफेला काचेचा जास्त पृष्ठभाग मिळतो आणि थेंब सरळ खाली येतात. पाणी खालच्या नळीतून आत आणि वरच्यातून बाहेर. उलट जोडलं तर जॅकेट (नळीभोवतीचं पाण्याचं आवरण) पूर्ण भरत नाही, वरच्या भागात हवा अडकते आणि तेवढी काच कामाची राहत नाही. पाणी आधी सुरू करायचं, मॅन्टल नंतर. बंद करताना आधी मॅन्टल, मग थेंब थांबेपर्यंत वाट, मग पाणी. वेळ मोजायची ती पहिला थेंब परत पडल्यापासून, मॅन्टलचं बटण दाबल्यापासून नाही. ५०० मिलिलिटरचा चंबू उकळीला यायलाच २०–२५ मिनिटं सहज जातात.

आंच किती, हे काचेकडे बघून ठरतं. कंडेन्सरच्या आत वाफेची ओली कडा दिसते. तिच्या खाली काच ओली, वर कोरडी. ही कडा खालच्या एक तृतीयांश भागात राहिली पाहिजे आणि सेकंदाला एक-दोन थेंब पडले पाहिजेत. कडा अर्ध्याच्या वर गेली की आंच कमी करावी. तेलाचा बाथ असेल तर तो द्रावकाच्या उत्कलनबिंदूपेक्षा १५ ते २० अंश वर पुरतो.

बहुतेक जण मात्र आंच कमी करण्याऐवजी नळ मोठा सोडतात, आणि याबद्दल मला मनापासून बोलायचं आहे. मिनिटाला १ लिटर पाणी सोडलं तर ३ तासांत १८० लिटर आणि ८ तासांत ४८० लिटर पाणी मोरीत जातं. इतकं लागतं का? १ ग्रॅम इथेनॉलची वाफ थंड होऊन द्रव होताना सुमारे ८४० ज्यूल उष्णता देते. मिनिटाला ५ ग्रॅम परत पडत असेल तर ४.२ किलोज्यूल. मिनिटाला २०० मिलिलिटर पाणी ही उष्णता घेऊन फक्त ५ अंशांनी तापतं. म्हणजे करंगळीपेक्षा बारीक धार पुरते. ज्या राज्यात २०१६ मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी न्यावं लागलं, तिथल्या प्रयोगशाळांनी तरी कंडेन्सरचं पाणी फिरतं ठेवावं. २० लिटरचा टब, त्यात कूलरचा छोटा पंप, दोन नळ्या, आणि लागला तर बर्फ. खर्च थोडा आणि आणखी एक फायदा: रात्री इतर नळ बंद झाले की पाण्याचा दाब वाढून नळी निसटते आणि सगळीकडे पाणी होतं, तो प्रकारही टळतो. नळीला तारेचा किंवा क्लिपचा आवळा मात्र तरीही लावावाच. १५० अंशांच्या वर उकळणाऱ्या द्रावकांना तर पाणी लागतच नाही. नुसती लांब कोरडी नळी, म्हणजे हवेचं कंडेन्सर, पुरते, आणि इतक्या तापलेल्या काचेला गार पाणी लागून ती तडकण्याचा धोकाही राहत नाही.

याच्या उलट टोकाला ईथर. मे महिन्यात मुंबईच्या टाकीतलं पाणी ३० अंशांच्या वर जातं आणि ईथर ३४.६ ला उकळतं. चार अंशांच्या फरकात वाफ धरून ठेवता येत नाही. ग्रीन्यार अभिक्रिया ईथरमध्ये मॅग्नेशियम टाकून करतात. तिच्यात मॅग्नेशियमने जोर धरला की ईथर आपोआप उकळू लागतं. त्या वेळी कंडेन्सरमध्ये बर्फाचं पाणी आणि हाताशी बर्फाचं भांडं हवंच. ज्योत तर नाहीच, पण उघडी हॉटप्लेटही नको. ईथरची वाफ साधारण १६० अंशांना, ठिणगीशिवाय, पेट घेते आणि जड असल्यामुळे टेबलावरून सरपटत लांब जाते.

रिफ्लक्सचा सगळ्यांत सच्चा उपयोग मला तेलाच्या साबणीकरण मूल्यात दिसतो. १ ग्रॅम तेलाचा पूर्ण साबण करायला किती मिलिग्रॅम पोटॅशियम हायड्रॉक्साइड लागतं, तो आकडा म्हणजे साबणीकरण मूल्य. २५० मिलिलिटरच्या चंबूत सुमारे २ ग्रॅम तेल अचूक वजन करून घ्यायचं, त्यात ०.५ नॉर्मल अल्कोहोलिक पोटॅशियम हायड्रॉक्साइडचं २५ मिलिलिटर द्रावण पिपेटने सोडायचं, कंडेन्सर लावून वॉटर बाथवर तासभर रिफ्लक्स करायचं. तेलाचे थेंब दिसेनासे होऊन द्रावण स्वच्छ झालं की कंडेन्सर थोड्या अल्कोहोलने धुऊन ते चंबूत घ्यायचं, फिनॉल्फ्थॅलिन घालून कोमट असतानाच ०.५ नॉर्मल हायड्रोक्लोरिक आम्लाने टायट्रेशन करायचं. दुसऱ्या चंबूत तेलाशिवाय हेच सगळं. याला ब्लँक म्हणतात. दोन वाचनांतल्या फरकाला २८.०५ ने गुणून तेलाच्या वजनाने भागलं की मूल्य मिळतं.

खोबरेल तेलाचं मूल्य २५० च्या वर येतं, शेंगदाणा तेलाचं १९० च्या आसपास. खोबरेलात लॉरिक आम्लासारख्या आखूड साखळ्या जास्त, रेणू लहान, म्हणून एका ग्रॅममध्ये एस्टरचे बंध जास्त. ब्लँकला २५ मिलिलिटर आम्ल लागलं तर २ ग्रॅम खोबरेल तेलाच्या चंबूला सुमारे ७ आणि शेंगदाणा तेलाच्या चंबूला सुमारे ११ मिलिलिटर लागतं. ब्युरेटवर ०.१ मिलिलिटरची चूक झाली तर मूल्यात १.४ चा फरक पडतो.

यात बिघडतं ते बहुतेक रिफ्लक्सपाशी. कडा वर गेली आणि अल्कोहोल उडालं की तेल आणि अल्कली वेगळे होतात, काचेला पांढरी साय धरते आणि साबणीकरण अर्धवट राहतं. मग मूल्य कमी येतं आणि बिचाऱ्या तेलावर भेसळीचा संशय जातो. ब्लँक न उकळता तसाच टायट्रेट केला तर हिशेब फसतो, कारण अल्कली उकळताना हवेतला कार्बन डायऑक्साइड शोषते आणि काचेवरही थोडी खर्च होते. ते नुकसान दोन्ही चंबूंत सारखं व्हायला हवं, म्हणजे वजाबाकीत निघून जातं. अल्कोहोलमध्ये अल्डिहाइड असेल तर द्रावण तपकिरी होतं आणि गुलाबी रंग कधी गेला ते दिसत नाही. घासलेल्या काचेचे जोड अल्कलीने चिकटून बसतात, म्हणून त्यांना ग्रीसचा अगदी पातळ हात द्यावा आणि काम संपल्यावर लगेच सोडवावेत. इतर प्रयोगांत ग्रीस जास्त झालं तर ते पदार्थात उतरतं आणि प्रोटॉन एनएमआरमध्ये (पदार्थाची रचना ओळखण्याच्या चाचणीच्या आलेखात) ०.८६ आणि १.२६ ला, सिलिकोन ग्रीस असेल तर ०.०७ ला, आपली खूण ठेवतं.

वेग आणि समतोल यांची गल्लतही रिफ्लक्सभोवती फार होते. एमिल फिशर आणि आर्थर स्पायर यांनी १८९५ मध्ये दिलेली एस्टर करण्याची रीत घ्या. १० ग्रॅम बेंझोइक आम्ल, २५ मिलिलिटर मिथेनॉल, वरून थंड करत सावकाश सोडलेलं ३ मिलिलिटर तीव्र सल्फ्युरिक आम्ल, आणि १ तास रिफ्लक्स. मिथेनॉल इथे द्रावकही आहे आणि अभिकारकही, बेंझोइक आम्लाच्या साडेसात पट मोल. हे प्रमाण मुद्दाम ठेवलेलं आहे, कारण अभिक्रिया दोन्ही बाजूंनी चालते आणि एका जागी येऊन थांबते. त्या जागेपर्यंत रिफ्लक्स लवकर पोचवतो, पलीकडे नेत नाही. १ तासात समतोल आला असेल तर रात्रभर उकळून एस्टर वाढणार नाही.

पलीकडे जायचं तर तयार होणारं पाणी काढून घ्यावं लागतं. त्यासाठी डीन आणि स्टार्क यांची बाजूनळी आहे, मुळात पेट्रोलियममधलं पाणी मोजायला १९२० मध्ये केलेली. टोल्युइन आणि पाणी मिळून ८४–८५ अंशांना एकत्र उकळतात, वर थंड होऊन बाजूच्या मोजनळीत पडतात, पाणी तळाशी बसतं आणि टोल्युइन ओसंडून चंबूत परत जातं. ०.१ मोल सायक्लोहेक्सानोनचं इथिलीन ग्लायकॉलबरोबर कीटल (कीटोन आणि अल्कोहोल जोडून, पाणी निघून होणारं संयुग) करताना १.८ मिलिलिटर पाणी निघायला हवं, म्हणजे अभिक्रिया कुठवर आली ते नळीवर वाचता येतं. २ च्या वर गेलं तर ग्लायकॉल किंवा टोल्युइन ओलं होतं असं समजावं. मोजनळी आधी टोल्युइनने भरून ठेवायची, नाहीतर सुरुवातीचं सगळं द्रावक तिथेच जमतं आणि चंबू कोरडा पडू लागतो. क्लोरोफॉर्म पाण्यापेक्षा जड, म्हणून त्याला ही नळी चालत नाही. त्यासाठी वेगळी घडण असते.

कंडेन्सरचं वरचं टोक बुचाने कधीही बंद करायचं नाही. दमट हवा नको असेल तर ओलावा शोषणाऱ्या कॅल्शियम क्लोराइडची नळी, म्हणजे गार्ड ट्यूब, लावावी. थायोनिल क्लोराइड वापरताना हायड्रोजन क्लोराइड आणि सल्फर डायऑक्साइड निघतात. ते नळीने अल्कलीच्या पाण्यावर उपड्या ठेवलेल्या फनेलपर्यंत न्यावेत. फनेल पाण्यात बुडवायचं नाही, पृष्ठभागाच्या किंचित वर ठेवायचं, नाहीतर उष्णता कमी होताच पाणी उलटं चंबूत ओढलं जातं. आणि थायोनिल क्लोराइड पाण्याशी फार जोरात अभिक्रिया करतं.

डिस्टिलरीत हाच शब्द वेगळ्या कामाला येतो. कोल्हापूर-सांगलीकडच्या साखर कारखान्यांच्या डिस्टिलरीत मळीच्या वॉशमधून (आंबवलेल्या द्रवातून) स्पिरिट काढतात, तेव्हा कॉलमच्या (आत एकावर एक प्लेटी असलेल्या उंच मनोऱ्याच्या) माथ्यावर थंड झालेल्या द्रवाचा काही भाग टाकीत जातो आणि बाकीचा कॉलममध्ये परत सोडला जातो. ३ लिटर परत आणि १ लिटर बाहेर, तर रिफ्लक्स रेशो ३. परत येणारा द्रव खालून चढणाऱ्या वाफेला प्लेटमागून प्लेट भेटतो आणि पाणी मागे राहतं. रेशो वाढवला तर शुद्धता वाढते, पण वाफ जास्त लागते आणि माल कमी निघतो. सगळंच परत सोडलं तर कॉलमची शुद्धता सगळ्यांत वर आणि उत्पादन शून्य. कॉलम सुरू करताना काही वेळ तसंच ठेवतात. वजनाने ९५.६ टक्क्यांच्या पुढे मात्र साध्या कॉलममध्ये कितीही रिफ्लक्स दिला तरी इथेनॉल जात नाही. पेट्रोलमध्ये मिसळायच्या इथेनॉलचं उरलेलं पाणी मॉलिक्युलर सीव्हने (पाण्याचे रेणू धरून ठेवणाऱ्या सच्छिद्र दाण्यांनी) काढावं लागतं.

तारापूर, लोटे, महाड, कुरकुंभच्या कारखान्यांत ‘बॅच रिफ्लक्सवर आहे’ असं कोणी म्हणालं की त्यात सुरक्षेचाही निरोप असतो. ५ हजार लिटरच्या रिॲक्टरला त्याच्या आकारमानाच्या मानाने भिंतीचा पृष्ठभाग फारच थोडा मिळतो. उष्णता सोडणारी अभिक्रिया जोरात आली तर भिंतीभोवतीचं जॅकेट एकट्याने ती ओढू शकत नाही. उकळतं द्रावक ती ओढतं: इथेनॉलच्या प्रत्येक किलोच्या वाफेबरोबर ८४० किलोज्यूल वर जातात आणि कंडेन्सरमध्ये उतरतात. जोवर द्रव परत येतो, तोवर तापमान उत्कलनबिंदूवर थांबून राहतं. कंडेन्सरचं पाणी बंद पडलं की वाफ व्हेंटमधून निघून जाते, रिॲक्टरमध्ये द्रावक कमी होतं, उरलेलं मिश्रण दाट होतं आणि तापमानाला धरून ठेवणारं काही राहत नाही. वाफेची नळी अरुंद असेल तर वर चढणारी वाफ परत येणाऱ्या द्रवाला अडवून धरते, कंडेन्सर भरत जातं आणि मग साचलेला द्रव एकदम खाली कोसळतो. म्हणून मोठ्या रिॲक्टरला वाफेची नळी वेगळी आणि परतीची वेगळी देतात, परतीला यू आकाराचा सील घालून.

वीज गेली तर क्रम ठरलेला असावा. अभिकारकाची धार आधी बंद. जॅकेटची वाफ बंद, शक्य असेल तर जॅकेटला थंड पाणी. जनरेटरवर सगळ्यांत आधी कूलिंग पंप आणि ढवळणी. ढवळणी थांबूनही धार चालू राहिली असेल, तर वीज आल्यावर ढवळणी एकदम सुरू करायची नाही. न मिसळलेला अभिकारक थराने वेगळा साचलेला असतो, आणि पंखा फिरताच तो सगळा एका दमात अभिक्रियेत उतरतो. त्या क्षणी निघणारी उष्णता कोणत्याही कंडेन्सरच्या हिशेबात धरलेली नसते.